बाथटबच्या कडेची फट नीट कशी भरायची: नाशिकच्या घरांसाठी

टबच्या कडेला सिलिकॉन, म्हणजे नळीत मिळणारं आणि सुकल्यावर रबरासारखं लवचीक राहणारं भरण, भरणं हे कठीण काम नाही. शांतपणे काम करणारा घरातला कुणीही ते करू शकतो, आणि बऱ्याचदा घाईतल्या मिस्त्रीपेक्षा चांगलं करतो. गंगापूर रोड, इंदिरानगर, पाथर्डी फाटा या भागांतल्या नव्या फ्लॅटमध्ये आता टब दिसतात, धरणाकडच्या फार्महाऊसमध्येही असतात. पण टब बसवणारा प्लंबर वेगळा आणि टाइल्स लावणारा मिस्त्री वेगळा. टबची कड आणि भिंतीची टाइल जिथे भेटतात ती जागा दोघांपैकी कुणालाच आपली वाटत नाही. शेवटी कुणीतरी तिथे बोटाने व्हाइट सिमेंट दाबतो आणि निघून जातो. माझा सगळा आग्रह याच जागेसाठी आहे, कारण घरातल्या ओलीचं मूळ कितीतरी वेळा इथेच निघतं.

इथे सिमेंट का टिकत नाही

टाइल आणि टाइल यांच्या मधली फट हलत नाही, म्हणून तिथे ग्राउट, म्हणजे टाइल्सच्या सांध्यात भरायचा सिमेंटसारखा माल, चालतं. टबची गोष्ट वेगळी आहे. मध्यम आकाराच्या टबमध्ये दीडशे ते दोनशे लिटर पाणी मावतं, म्हणजे तेवढेच किलो वजन. त्यात माणूस बसला की टब किंचित खाली दबतो, आणि पाणी सोडलं की परत वर येतो. त्यात ॲक्रिलिक उष्णतेने टाइलच्या साधारण दहापट प्रसरण पावतं, म्हणजे गरम पाण्याने टब लांबतो आणि गार झाल्यावर आखडतो. व्हाइट सिमेंटला यातलं काहीच सोसत नाही. त्याला केसासारखी चीर पडते आणि पुढे प्रत्येक आंघोळीचं थोडं थोडं पाणी त्या चिरेतून आत जातं.

ते पाणी लगेच दिसत नाही, आणि मोठं नुकसान होतं ते त्यामुळेच. आपल्याकडे बाथरूमचा स्लॅब बहुधा खाली घेतलेला असतो आणि त्यात विटांच्या तुकड्यांचा कोबा भरलेला असतो. पाणी त्या भरावात मुरतं, साठतं आणि कित्येक दिवसांनी खालच्या मजल्यावरच्या छताला पिवळा डाग पडतो. तोवर तुमचं बाथरूम वरून कोरडं आणि स्वच्छ दिसत असतं. खालचे काका तक्रार घेऊन वर येतात तेव्हा "आमच्याकडे तर काहीच गळत नाही" हे आपलं उत्तर मनापासूनचं असतं, पण चुकीचं असतं.

आधी खात्री करा की गळती कडेचीच आहे

सिलिकॉन आणायच्या आधी हे तपासा. टबमधून पाणी तीन वाटांनी बाहेर पडू शकतं: कडेच्या फटीतून, तळाच्या वेस्टच्या (पाणी सोडायच्या भोकाच्या) वायसरमधून किंवा वरच्या ओव्हरफ्लोच्या (जादा पाणी वाहून जायच्या भोकाच्या) जोडातून. पहिल्या वाटेला सिलिकॉन हा उपाय आहे, बाकी दोन वाटांना प्लंबर.

टबची कड पूर्ण कोरडी करा. मग कडेवर पाणी उडू न देता ओव्हरफ्लोच्या भोकाच्या खालपर्यंत टब भरा. पाण्याच्या पातळीला मास्किंग टेपचा तुकडा लावून खूण करा आणि दार बंद करून रात्रभर ठेवा. सकाळी पातळी स्पष्ट खाली गेली असेल तर वेस्टमध्ये दोष आहे. पातळी तशीच असेल तर पाणी सोडून द्या आणि खाली ओल वाढते का ते पाहा. पाणी सोडल्यावर वाढली तर दोष पुढच्या पाइपात किंवा ट्रॅपमध्ये, म्हणजे वास अडवणाऱ्या वाकड्या नळीत. ओव्हरफ्लो वेगळा तपासायचा, त्याच्या भोकात हँडशॉवरने पाणी घालून. हे सगळं ठीक निघालं की मग हँडशॉवरने भिंतीच्या कडेच्या फटीवर दहा-पंधरा मिनिटं पाणी सोडा. दोन चाचण्यांत किमान दोन-तीन दिवसांचं अंतर ठेवा, कारण कोब्यातून पाणी झिरपायला वेळ लागतो. एकाच दिवशी सगळं केलं तर डाग कशाचा हे कधीच कळणार नाही.

टबला बाजूने विटांचा कट्टा बांधून टाइल लावलेली असेल तर त्यात तपासणीचं छोटं झाकण आहे का पाहा. झाकण असेल तर चाचणीच्या वेळी टॉर्च घेऊन आत बघा, टबच्या बुडाखाली टिश्यू पेपर फिरवा, ओल कुठून येते ते लगेच सापडेल. झाकण नसेल तर पुढच्या दुरुस्तीत ते नक्की करून घ्या. एका टाइलच्या मापाचं झाकण नाही म्हणून उद्या अख्खा कट्टा फोडावा लागतो, याचं मला खरंच वाईट वाटतं.

आणखी दोन गोष्टी बघायच्या. टबच्या वरच्या दोन-तीन ओळींतल्या टाइल्स बोटाच्या पेराने वाजवा. बद्द आवाज आला तर मागचा माल सुटलेला आहे आणि वरच्या ग्राउटमधूनही पाणी आत जात असणार. ते आधी दुरुस्त करा. मग टबमध्ये उभं राहून वजन एका पायावरून दुसऱ्यावर घ्या. टब डुगडुगत असेल तर त्याचे पाय किंवा खालचा आधार आधी पक्का करायला हवा. डुगडुगणारा टब कोणतंही सिलिकॉन धरून ठेवू शकत नाही.

कोणतं सिलिकॉन घ्यायचं

दुकान रविवार कारंजाच्या बाजूला असो की सिडकोत, नुसतं "सिलिकॉन द्या" म्हटलं की समोर जे असेल ते मिळतं. म्हणून नेमकं मागा: सॅनिटरी सिलिकॉन, न्यूट्रल क्युअर, बुरशीरोधक. नळीवर हे शब्द वाचून घ्या.

सिलिकॉनचे ढोबळ दोन प्रकार आहेत. एकाला लावताना व्हिनेगरसारखा उग्र वास येतो, ते ॲसिटिक. ते स्वस्त असतं आणि काचेला व चकचकीत सिरॅमिक टाइलला उत्तम चिकटतं. पण त्यातून सुटणारं आम्ल मार्बल, कोटा आणि सिमेंटच्या पृष्ठभागातल्या चुन्यावर परिणाम करतं, आणि पितळेसारख्या धातूवर डाग पाडतं. दुसरं न्यूट्रल, ज्याला फारसा वास नसतो. नाशिकच्या कितीतरी बाथरूममध्ये टबभोवती मार्बलची किंवा ग्रॅनाइटची पट्टी असते, म्हणून मी सरळ न्यूट्रलच सुचवतो. नैसर्गिक दगड असेल तर नळीवर तो चालतो असं लिहिलेलं असावं, कारण काही सिलिकॉनमधलं तेल दगडात उतरून कडेला काळपट ओला डाग राहतो.

"ॲक्रिलिक सीलंट" नावाची नळीही शेजारीच असते. ती रंगकामाची आहे, भिंतीच्या चिरा भरायला. टबला ती चालत नाही.

नळीवरची तारीख जरूर बघा. साधारण वर्षभराचं आयुष्य असतं, आणि पत्र्याच्या गोदामात एप्रिल-मे काढलेली नळी त्याआधीही बिघडू शकते. जुनी नळी दिसायला बरी असते, बाहेरही येते, पण नीट सुकत नाही, चिकट राहते.

नळी किती लागेल? बहुतेक नळ्या २८० मिलीच्या असतात. सहा मिलीमीटर रुंद आणि तेवढीच खोल फट धरली तर एका नळीत साडेसात मीटरच्या आसपास काम होतं. तीन बाजूंनी भिंत असलेल्या साडेपाच फुटी टबला साडेतीन मीटरही लागत नाही. एक नळी पुरे. बाकी सामान म्हणजे सिलिकॉन गन, मास्किंग टेप, कटरचं नवं ब्लेड, प्लॅस्टिकची पत्ती, स्पिरिट, धागे न सुटणारी फडकी आणि हातमोजे. फट मोठी असेल तर बॅकर रॉड, म्हणजे फोमची दोरी. ती प्रत्येक दुकानात मिळत नाही, ॲल्युमिनियम सेक्शन आणि काचकाम करणाऱ्यांकडे विचारा.

जुनं काढणं

अर्ध्याहून जास्त वेळ इथे जातो आणि जायलाच हवा. नवं सिलिकॉन जुन्या सिलिकॉनला चिकटत नाही. जुन्यावर नवा थर मारून दिलेलं काम पहिल्या दिवशी छान दिसतं, पुढे पट्टीसारखं उकलून येतं.

जुनं सिलिकॉन असेल तर वरची आणि खालची अशा दोन्ही कडांना ब्लेडने कापा आणि पट्टी ओढून काढा. ब्लेड टबच्या पृष्ठभागाशी जितकं आडवं धराल तितका ओरखड्याचा धोका कमी. ॲक्रिलिक टबवर लोखंडी पत्ती वापरूच नका, प्लॅस्टिकची घ्या. देवळालीकडच्या एखाद्या जुन्या बंगल्यात ओतीव लोखंडाचा, वरून इनॅमलचा मुलामा असलेला टब असेल तर तिथे कड टणक असते, पण एनॅमलचा टवका उडाला की आतलं लोखंड गंजतं, म्हणून ठोकाठोक टाळा.

व्हाइट सिमेंट भरलेलं असेल तर काम सावकाश करावं लागतं. अणकुचीदार खुरपणीने किंवा जुन्या स्क्रू-ड्रायव्हरने थोडं थोडं खरवडा. पूर्ण खोलीपर्यंत जमलं नाही तरी सहा मिलीमीटर खोल मोकळी जागा हवी. ग्राइंडर आणू नका, टाइलची कड आणि टबची कड दोन्ही एका क्षणात जातात. थिनर किंवा पेट्रोलने सिलिकॉन पुसायचा सल्लाही कुणी देतं, तोही टाळा. ॲक्रिलिक आणि फायबरचा टब त्याने पांढरट पडतो, बारीक तडे जातात.

मोकळ्या केलेल्या फटीत काळी बुरशी दिसली तर पातळ केलेलं ब्लीच ब्रशने लावा, दहा मिनिटांनी भरपूर पाण्याने धुवा. इथे एक इशारा मनापासून देतो. आपल्याकडे बाथरूम घासायला ॲसिड वापरायची सवय आहे. ब्लीच आणि ॲसिड एकत्र आले तर क्लोरीन वायू निघतो, बंद बाथरूममध्ये तो जीवावर बेतू शकतो. ज्या दिवशी ब्लीच वापराल त्या दिवशी ॲसिडच्या बाटलीला हात लावू नका, आणि खिडकी, एक्झॉस्ट चालू ठेवा.

बोअरवेलचं पाणी असलेल्या सोसायट्यांत टबच्या कडेला क्षारांचा पांढरा थर बसतो. तो दिसायला टबचाच भाग वाटतो, पण सिलिकॉन त्याला चिकटलं तर थरासकट सुटतं. सौम्य व्हिनेगरच्या पाण्याने तो ब्लीचच्या आधी, वेगळ्या दिवशी काढा आणि धुऊन टाका. मार्बल किंवा कोटा असेल तर व्हिनेगरही नको, प्लॅस्टिकच्या पत्तीने खरवडूनच काढा.

कोरडं होऊ द्या

धुतल्यावर किमान एक पूर्ण दिवस ते बाथरूम कुणी वापरायचं नाही. घरात दुसरं बाथरूम नसेल तर तशी सोय आधी करा. पंखा लावा. फटीत टिश्यू पेपरची घडी खुपसून बघा, ती ओली निघाली तर अजून थांबा.

इथे नाशिकच्या हवेचा विचार करायला हवा. जून ते सप्टेंबर भिंतीतली ओल निघतच नाही, विशेषतः इगतपुरी-घोटीकडच्या घरांत. गळती थांबवायची निकड नसेल तर पावसाळा जाऊ द्या. सिलिकॉन हवेतल्या आर्द्रतेनेच पक्कं होतं, त्यामुळे मे महिन्याच्या कोरड्या हवेत ते सुकायला उलट जास्त वेळ घेऊ शकतं. हे अनेकांना पटत नाही, पण तसंच आहे. थंडीत पारा दहाच्या खाली गेला की पहाटे टाइलवर दव धरतं आणि नळीतलं सिलिकॉन घट्ट होतं. अशा वेळी काम दुपारी करा, नळी थोडा वेळ कोमट पाण्यात उभी ठेवा आणि पुसून वापरा. माझ्या मते दिवाळीनंतरचे आठवडे आणि होळीच्या आसपासचे दिवस या कामाला सगळ्यात चांगले.

टब पाण्याने भरा

ही पायरी सोडून दिलेली मी सर्वांत जास्त पाहिली आहे, आणि सगळ्या कामाचा टिकाऊपणा तिच्यावर आहे. रिकाम्या टबला सिलिकॉन लावलं तर फट तेव्हा सर्वांत अरुंद असते. नंतर टब भरला की फट उघडते आणि सिलिकॉन ताणलं जातं, रोज. भरलेल्या टबला लावलं तर फट सर्वांत रुंद असताना ते बसतं. नंतर टब रिकामा झाला की ते फक्त दाबलं जातं, आणि दाब ते सहज सोसतं.

म्हणून वेस्ट बंद करून टब तीन चतुर्थांश भरा, कड कोरडी ठेवून. हे पाणी सिलिकॉन पक्कं होईपर्यंत, म्हणजे दुसऱ्या दिवसापर्यंत टबमध्येच राहणार. घरात लहान मूल असेल तर बाथरूमला बाहेरून कडी, शक्य तर कुलूप. भरलेला टब आणि उघडं दार हे क्षणभरही चालणार नाही. नंतर ते पाणी पाइप लावून बागेला किंवा फरशी धुवायला वापरा. गंगापूर धरणातून येणारं पाणी आहे, उन्हाळ्यात त्याची किंमत आपल्याला माहीत आहे.

लावणं

फडक्यावर थोडंसं स्पिरिट घेऊन दोन्ही कडा पुसा. ॲक्रिलिकवर आधी एका न दिसणाऱ्या कोपऱ्यात तपासून घ्या. पुसल्यावर बोट लावायचं नाही, बोटाचं तेलही नडतं.

फट सहा मिलीमीटरपेक्षा रुंद असेल तर आधी बॅकर रॉड. फटीपेक्षा थोडी जाड दोरी घ्या आणि बोथट पत्तीने आत दाबा, म्हणजे ती अडकून बसेल. तिच्यावर पाच-सहा मिलीमीटर जागा राहू द्या. तिचं काम सिलिकॉनची बचत एवढंच नाही. सिलिकॉन टब आणि टाइल या दोनच बाजूंना चिकटलं पाहिजे. ते मागच्या भिंतीलाही चिकटलं तर ताणायला मोकळं राहत नाही आणि मधून फाटतं. दोरीला सिलिकॉन धरत नाही, म्हणून ते मोकळं राहतं. फट बारा-पंधरा मिलीमीटरच्या पुढे असेल तर सिलिकॉनच्या भरवशावर राहू नका, तिथे टाइलचं काम दुरुस्त करावं लागेल.

फटीच्या वर टाइलवर आणि खाली टबवर मास्किंग टेप सरळ रेषेत लावा. दोन टेपांमधलं अंतर म्हणजे तुमच्या पट्टीची रुंदी. टेप नखाने दाबून बसवा.

नळीचं टोक कापा, नोझल फिरवून बसवा आणि नोझल तिरकं, पंचेचाळीस अंशात कापा. भोक फटीच्या रुंदीपेक्षा किंचित लहान असावं. मोठं कापलं तर परत लहान करता येत नाही, म्हणून आधी कमीच कापा. पुठ्ठ्यावर एक-दोन ओळी काढून हात बसवा.

कोपऱ्यातून सुरुवात करा. गन एकाच वेगाने चालवा आणि नोझल फटीला टेकलेलं असू द्या, सिलिकॉन आत शिरलं पाहिजे, नुसतं वरून पसरलेलं नको. एक बाजू अखंड ओढा. मध्ये थांबलात तर तिथे गाठ येते आणि गाठीपाशी हवा अडकते. ओळ संपली की गनच्या मागची कळ दाबून दाब सोडा, नाहीतर सिलिकॉन बाहेर येतच राहतं.

आता घाई करायची. सिलिकॉनवर साय धरायला साधारण दहा-पंधरा मिनिटं लागतात, कोरड्या गरम दिवसात त्याहून कमी. म्हणून एका वेळी एकच बाजू घ्या: लावा, सारखी करा, टेप काढा, मग पुढची. भांडी घासायच्या लिक्विडचे दोन थेंब टाकलेल्या पाण्यात हातमोज्याचं बोट बुडवा, झटका आणि एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत एकदाच हलक्या दाबाने फिरवा. पट्टी किंचित खोलगट झाली पाहिजे. पुन्हा पुन्हा बोट फिरवलं की पृष्ठभाग खराब होतो. एक काळजी: हे साबणाचं पाणी अजून न भरलेल्या फटीत जाऊ देऊ नका, तिथे मग काहीच चिकटणार नाही. सिलिकॉन ओलं असतानाच टेप फटीपासून दूर, तिरकी ओढून काढा.

दोन भिंती मिळतात तो उभा कोपरा टबच्या वर निदान एक-दोन टाइलभर याच सिलिकॉनने भरा. भिंती वेगवेगळ्या हलतात, आणि ग्राउटला पहिली चीर तिथेच जाते. टबच्या बाहेरच्या बाजूचा, कट्टा आणि फरशीचा सांधाही भरून घ्या. नळाच्या बुडाशी मात्र आधी जुनं वायसर ठीक आहे का बघा.

नंतर

चोवीस तास त्या बाथरूममध्ये पाणी नको, जाड पट्टी असेल तर अठ्ठेचाळीस. सिलिकॉन बाहेरून आत सुकत जातं, दिवसाला दोन-तीन मिलीमीटर, त्यामुळे वरून कोरडं लागलं म्हणून आतून झालं असं समजू नका. एक्झॉस्ट चालू ठेवा. मगच टबमधलं पाणी सोडा.

उरलेल्या नळीच्या नोझलमध्ये एक लांब खिळा खुपसून वर टेप गुंडाळा. नोझलमधलं सिलिकॉन सुकतं, आतलं काही आठवडे चांगलं राहतं.

रोजच्या वापरात आंघोळीनंतर कड फडक्याने पुसली आणि दार उघडं ठेवलं तर बुरशी फार उशिरा येते. घासणी आणि ॲसिड कडेपासून लांब ठेवा. दर सहा महिन्यांनी टब भरलेला असताना टॉर्च तिरका धरून पट्टी बघा. टोक उकललेलं असेल किंवा काळा डाग धुऊनही जात नसेल, म्हणजे बुरशी सिलिकॉनच्या आत गेली असेल, तर तेवढ्याच तुकड्यावर नवं लावायचा मोह टाळा आणि ती पूर्ण बाजू काढून नव्याने भरा.

खालच्या मजल्यावरचा डाग लगेच वाळणार नाही. कोब्यात मुरलेलं पाणी निघायला कित्येक आठवडे लागतात. डागाच्या कडेला पेन्सिलने रेघ मारून तारीख लिहून ठेवायला सांगा. महिनाभरानंतरही डाग रेघेच्या बाहेर पसरत असेल, तर वेस्ट आणि ट्रॅप उघडून बघायला प्लंबरला बोलवा, आणि तोवर टबऐवजी दुसऱ्या बाथरूममध्ये आंघोळ करा.